लुटीचे आठ हिस्से

१७५६ सालच्या फेब्रुवारीत इंग्रजांचे आरमार विजयदुर्गावर चालून गेले. निघण्यापूर्वी मुंबईत आरमाराच्या आणि लष्कराच्या अधिकाऱ्यांची एक बैठक झाली. जहाजे सज्ज होती, सैन्य चढायच्या बेतात होते, वारा अनुकूल होता. बैठकीपुढे प्रश्न होता तो एकच. किल्ला पडल्यावर आत जे सापडेल त्यातले कोणी किती घ्यायचे?

अॅडमिरल वॉटसनने एक अष्टमांशातले दोन तृतीयांश घ्यावेत, त्याच अष्टमांशातला उरलेला एक तृतीयांश दुय्यम अॅडमिरल पोकॉकने घ्यावा, आणि लष्कराचा प्रमुख लेफ्टनंट कर्नल रॉबर्ट क्लाइव्ह याला जहाजाच्या एका कप्तानाइतका हिस्सा मिळावा, असे ठरले. क्लाइव्हच्या लष्कराला हे पटले नाही. आमचा सेनापती आणि एका जहाजाचा कप्तान सारखेच कसे, असा त्यांचा सवाल. आरमारवाले तसूभर हलायला तयार नव्हते. शेवटी वॉटसनने आपल्या हिश्शातून क्लाइव्हची भर करून देण्याची तयारी दाखवली. क्लाइव्हने ती नाकारली. आणि एक गोष्ट मात्र दोन्ही बाजूंनी बिनतक्रार मान्य केली. मोहिमेत बरोबरीने भाग घेणाऱ्या पेशव्यांच्या फौजेला या लुटीत हिस्सा द्यायचा नाही.

आंग्र्यांच्या इतिहासावर मराठीत पुष्कळ लिहिले गेले आहे. त्यात ही बैठक असलीच तर एखाद्या वाक्यात उरकलेली असते. मला मात्र वाटते की विजयदुर्गाची लढाई समजून घ्यायची तर किल्ल्याच्या तटापेक्षा या बैठकीकडे आधी पाहावे. कारण शिडांच्या जहाजांच्या काळात दर्यावर्दी कप्तानाचे जे ‘साहस’ कादंबऱ्यांतून आणि चित्रपटांतून आपल्यापर्यंत पोचले आहे, त्याच्या मुळाशी एक चोख हिशोब होता. तो हिशोब कोकणात ठरलेला नव्हता. तो लंडनहून आला होता.

इंग्लंडच्या पार्लमेंटने १७०८ साली एक कायदा केला. युद्धाच्या काळात शत्रूचे जहाज पकडले तर त्या जहाजावरचा आणि त्यातल्या मालावरचा आपला हक्क राजाने सोडला. तो पकडणाऱ्यांना दिला. अशा पकडलेल्या जहाजाला म्हणत प्राइझ. आपल्याला हा शब्द बक्षीस म्हणून ठाऊक आहे, पण इथे तो मुळातल्या फ्रेंच अर्थाने आला आहे : पकडलेली वस्तू. मराठीत सरळ ‘पकड’ म्हणावे.

पकडीचे आठ हिस्से होत. तीन कप्तानाचे. कप्तान एखाद्या अॅडमिरलच्या हुकमतीखाली असेल, आणि बहुधा असेच, तर त्या तिनांतला एक अॅडमिरलचा; मग तो अॅडमिरल लढाईच्या जागेपासून शेकडो मैलांवर बंदरात बसलेला का असेना. चौथा हिस्सा लेफ्टनंट वगैरे अधिकाऱ्यांचा, पाचवा सुतार, तोफखान्याचा मुकादम, वैद्य अशांचा, सहावा धाकट्या हुद्देदारांचा. उरलेले दोन हिस्से बाकी सगळ्यांचे. हे ‘बाकी सगळे’ म्हणजे मोठ्या लढाऊ जहाजावर पाचशेही माणसे असत. १८०८ साली ही वाटणी बदलली, कप्तानाचे तीनाचे दोन झाले आणि खलाशांचे दोनाचे चार. पण शंभर वर्षे जुनीच वाटणी चालली.

यात फुकटची चैन नव्हती. पकडलेले जहाज बंदरात आणायचे, त्याची कागदपत्रे आरमारी न्यायालयात दाखल करायची, त्यावरच्या माणसांच्या जबान्या व्हायच्या, आणि न्यायाधीशाने ‘ही योग्य पकड आहे’ असा निकाल दिल्यावरच पैसा. निकाल उलटा गेला तर नुकसानभरपाई कप्तानाच्या बोकांडी. शिवाय मधे दलाल होते, वकील होते. त्यांचे हात ओले झाल्याशिवाय काही सुटत नसे. आणखी एक नियम मोठा मजेदार होता. पकडीच्या वेळी आपले दुसरे एखादे लढाऊ जहाज नजरेच्या टप्प्यात असेल तर त्यालाही वाटा. त्याने तोफ उडवलेली असो वा नसो. म्हणून हुशार कप्तानाला एकट्याने, ताफ्यापासून दूर, शिकार करायची हौस असे. कथांमधला तो एकाकी कप्तान, क्षितिजावर एकटेच शीड, यामागे मनाची काव्यमय घडण किती आणि हा नियम किती, ते वाचकांनीच ठरवावे.

आता आकडे पाहू. कसलेल्या खलाशाचा पगार १६५३ साली ठरला : अठ्ठावीस दिवसांच्या महिन्याला २४ शिलिंग. १७९७ साली आरमारात बंड होईपर्यंत, म्हणजे जवळजवळ दीडशे वर्षे, त्यात एका पेनीची वाढ झाली नाही. वर्षाचे साडेपंधरा पौंडांच्या आसपास झाले. त्यातले कित्येक जण तर बंदरातल्या गल्ल्यांतून जबरदस्तीने धरून आणलेले. अशा माणसासमोर मे १७६२मधली एक बातमी ठेवा. लिमाहून स्पेनला निघालेले ‘हर्मायनी’ हे खजिन्याचे जहाज काडिझजवळ आले तेव्हा इंग्लंड-स्पेन युद्ध सुरू झाल्याचे त्यावर कोणाला माहीतच नव्हते. दोन इंग्रज जहाजांनी ते जवळपास न लढताच धरले. पाच लाख पौंडांहून अधिक रक्कम वाटली गेली. दोन्ही कप्तानांना प्रत्येकी सुमारे ६५ हजार पौंड आले. साध्या खलाशाला सुमारे ४८० पौंड, म्हणजे तीस वर्षांचा पगार एका सकाळी.

अशी एक बातमी दहा वर्षे पुरत असे. लॉटरीचे तिकीट घेणाऱ्याला कोट्यधीश झालेल्याचे नाव पाठ असते, हरलेल्यांचे नसते, तसे हे. कमोडोर जॉर्ज अॅन्सन १७४० साली सहा लढाऊ जहाजे आणि सुमारे १,९०० माणसे घेऊन पॅसिफिककडे निघाला. वादळांनी आणि स्कर्व्हीने ती माणसे माशांसारखी मेली. स्कर्व्ही म्हणजे ताजा भाजीपाला, फळे न मिळाल्याने होणारा रोग. हिरड्या सुजतात, जुन्या बुजलेल्या जखमा पुन्हा उघडतात. जून १७४३मध्ये उरलेल्या एकट्या ‘सेंच्युरियन’ने फिलिपीन्सजवळ मनिलाला चाललेले स्पेनचे खजिन्याचे जहाज पकडले. त्यात चांदीची १३ लाखांहून अधिक नाणी निघाली. लंडनमध्ये ३२ गाड्यांतून त्या खजिन्याची मिरवणूक निघाली, अॅन्सनच्या वाट्याला ९० हजार पौंडांच्या आसपास आले. निघालेल्यांपैकी सुमारे १,४०० माणसे परत आली नव्हती. वाटेत बुडालेल्या आणि सोडून दिलेल्या जहाजांवरचे अधिकारी ‘सेंच्युरियन’वर येऊन लढले होते, त्यांना अधिकाऱ्याचा हिस्सा द्यायचा की खलाशाचा, यावर पुढे कोर्टात खटला चालला. शेवटी ते हरले. कारण काय, तर लढाईच्या दिवशी त्यांचे नाव त्या जहाजाच्या अधिकाऱ्यांच्या यादीत नव्हते!

माझे म्हणणे असे नाही की ही माणसे केवळ पैशासाठी लढत होती. तसे असते तर लॉर्ड कॉक्रनची ६ मे १८०१ची लढाई झालीच नसती. त्याचे ‘स्पीडी’ हे जहाज १५८ टनांचे, त्यावर चार पौंडी गोळ्याच्या १४ तोफा. एका बाजूच्या सातही तोफांचे गोळे मिळून अठ्ठावीस पौंड. ते सगळे कोटाच्या खिशांत घालून आपण जहाजावर येरझारा घातल्याचे त्याने पुढे गमतीने नोंदवले आहे. त्या दिवशी जहाजावर माणसे ५४. बार्सिलोनाजवळ समोर आले स्पेनचे ‘एल गामो’ : ३२ तोफा, ३१९ माणसे.

कॉक्रनने आधी अमेरिकेचे निशाण चढवून शत्रूला क्षणभर गोंधळात टाकले. खोट्या निशाणाखाली जवळ जाणे तेव्हाच्या रिवाजाला मंजूर होते. गोळी झाडण्यापूर्वी मात्र स्वतःचे निशाण लावायला हवे. मग त्याने आपले बुटके जहाज थेट ‘गामो’च्या कुशीत नेऊन भिडवले, इतके की दोघांच्या दोरखंडांत गुंता झाला. उंच जहाजाच्या तोफा खाली वळेनात, त्यांचे गोळे ‘स्पीडी’च्या शिडांमधून वरच्या वर जाऊ लागले, ‘स्पीडी’च्या तोफा मात्र वर रोखून एकेका बारात तीन तीन गोळे त्याच्या पोटात घालत होत्या. शेवटी वैद्याला सुकाणूवर ठेवून बाकी सगळे शत्रूच्या जहाजावर चढले. झटापट चालू असतानाच कॉक्रनने एका माणसाकरवी स्पेनचे निशाण उतरवले. आपल्याच अधिकाऱ्यांनी शरणागती पत्करली असे समजून स्पॅनिश लोकांनी शस्त्रे खाली ठेवली.

या पराक्रमाचा मोबदला? आरमार खात्याने ‘गामो’ विकत घ्यायला नकार दिला. ते किरकोळ किमतीला अल्जिअर्सच्या राज्यकर्त्याला विकले गेले, आणि कॉक्रनची बढतीही रेंगाळली. लढाऊ जहाज पकडण्यात मान होता, पैसा व्यापारी जहाजात होता, आणि प्रत्येक कप्तानाला रोज सकाळी क्षितिजावर शीड दिसले की या दोहोंतून निवड करावी लागे. जेन ऑस्टिनच्या ‘पर्स्वेजन’ कादंबरीतला नायक गरीब म्हणून नाकारला जातो आणि आठ वर्षांनी पकडींवर २५ हजार पौंड कमावून परत येतो. लेखिकेचे दोन भाऊ आरमारात होते. तिला हे गणित घरातूनच माहीत असणार.

‘स्पीडी’ची युक्ती वाचताना आपल्या किनाऱ्याची आठवण व्हावी, इतके ते आंग्र्यांच्या पद्धतीच्या जवळचे आहे. युरोपीय जहाजाचे बळ बाजूंना. तोफांच्या रांगा तिथे. नाळेकडे आणि पिछाडीला ते जवळजवळ उघडे. शिवाय आडव्या शिडांचे जहाज वाऱ्याच्या तोंडाशी सुमारे ६७ अंशांच्या आत जाऊ शकत नाही, आणि वारा पडला की लाकडाच्या ओंडक्यासारखे जागीच डुलत राहते. आंग्र्यांची गुराबे दोन वा तीन डोलकाठ्यांची, दीडशे ते तीनशे टनांची; त्यांच्या पुढच्या भागात सरळ नाळेवरून मारा करणाऱ्या दोन मोठ्या तोफा. गलबते त्याहून लहान, चाळीस-पन्नास वल्ह्यांची. वारा पडला की गलबते गुराबांना दोर लावून ओढत नेत, आणि सगळी मिळून सावजाच्या पिछाडीला जमत. आधी डोलकाठ्या आणि दोरखंड तोडायचे. जहाज लंगडे झाले की मग दोनशे-तीनशे माणसे तलवारी घेऊन वर चढायची. डिसेंबर १७३५मध्ये कंपनीचे ‘डर्बी’ हे मोठे जहाज संभाजी आंग्र्यांनी असेच घेतले.

कॉक्रनने केले ते साहस, आणि आंग्र्यांनी केली ती चाचेगिरी. हा फरक कुठून आला?

कागदातून आला. कान्होजी आंग्रे हे छत्रपतींचे सरखेल, म्हणजे राज्याचे आरमारप्रमुख होते. १७१३ साली शाहू महाराजांशी झालेल्या तहाने ते पद त्यांच्याकडे कायम झाले. कोकणपट्टीच्या समुद्रातून जाणाऱ्या व्यापारी जहाजांनी त्यांचे दस्तक घ्यावे, न घेतल्यास जहाज पकडले जाईल, हा त्यांचा नियम. यात नवे काहीच नव्हते. पोर्तुगीज दोनशे वर्षे ‘कार्ताझ’ नावाचा असाच परवाना विकत होते. इंग्रजही स्वतःचे परवाने देत होते, आणि खरा तंटा तिथेच होता : इंग्रजांचा परवाना असलेल्या देशी व्यापाऱ्याच्या जहाजाला आंग्र्यांच्या दस्तकाची गरज आहे की नाही? म्हणजे वाद सार्वभौमत्वाचा. पण तो तसा मांडला तर बरोबरीने बसून बोलावे लागते. ‘चाचा’ म्हटले की बोलणी संपतात.

आंग्र्यांना सोवळे ठरवायचा माझा हेतू नाही. तुळाजी आंग्र्यांच्या काळापर्यंत दस्तकाचा नियम आणि सरळ लूट यांतली रेघ पुसट झाली होती, आणि पेशव्यांची सत्ता ते जुमानत नव्हते. म्हणून तर नानासाहेब पेशव्यांनी १७५५च्या मार्चमध्ये इंग्रजांशी करार केला. पेशव्यांच्या लेखी तुळाजी बंडखोर सरदार होता, इंग्रजांच्या लेखी चाचा. मोहीम एक, शब्द दोन. आणि या दुसऱ्या शब्दात कायद्याची एक मेख आहे, ती सहसा कोणी दाखवत नाही. चाच्याने पळवलेल्या मालावरचा मूळ मालकाचा हक्क जात नाही, हे युरोपातल्या कायद्यातले जुने तत्त्व. तुळाजी खरोखर चाचा असेल तर त्याच्या कोठारातला माल व्यापाऱ्यांचा. तो वाटून घ्यायचा असेल तर तुळाजी शत्रुराज्याचा सेनानी ठरायला हवा. मुंबईच्या त्या बैठकीत दोन्ही सोयी एकदम घेतल्या गेल्या : लढण्यापुरता चाचा, वाटणीपुरता शत्रू.

सुरुवात १७५५च्या एप्रिलमध्ये सुवर्णदुर्गापासून झाली. कंपनीच्या आरमाराचा कमोडोर विल्यम जेम्स ‘प्रोटेक्टर’ हे ४४ तोफांचे जहाज घेऊन हर्णैला आला. तिथली आंग्र्यांची गुराबे दक्षिणेकडे पळाली. त्या पाठलागाचे वर्णन इंग्रज इतिहासकारांनी करून ठेवले आहे : वारा इतका मंद होता की आंग्र्यांच्या लोकांनी जहाज हलके करायला सामान समुद्रात फेकले, आणि झुळूक न झुळूक पकडायला अंथरुणे, अंगरखे, डोक्याची पागोटीसुद्धा दोरांवर पसरली. गुराबे निसटली. जेम्स मागे वळला, आणि दोन दिवसांच्या तोफमाऱ्यात सुवर्णदुर्ग पडला.

विजयदुर्ग पुढच्या फेब्रुवारीत. वॉटसनच्या ‘केंट’सारखी राजाच्या आरमारातली मोठी जहाजे कोकण किनाऱ्यावरच्या किल्ल्यासमोर एवढ्या संख्येने प्रथमच उभी राहत होती. तुळाजी किल्ला सोडून पेशव्यांच्या छावणीत बोलणी करायला गेला होता. इथे लुटीचा हिशोब लढाईच्या आखणीत शिरतो. किल्ला बोलण्यांतून पेशव्यांच्या हाती गेला तर पकड हातची जाणार. १२ फेब्रुवारीला दुपारी जहाजे वाघोटण खाडीच्या तोंडात शिरली आणि मारा सुरू झाला. किल्ल्याच्या आडोशाला आंग्र्यांचे आरमार एकमेकांना दोर लावून उभे होते. त्यातल्या ‘रेस्टोरेशन’वर, जे मुळात इंग्रजांकडूनच पकडलेले होते, एक पेटता गोळा पडला. तिथून आग गुराबांना लागली, गुराबांतून गलबतांना. संध्याकाळपर्यंत आंग्र्यांचे आरमार पाण्यावर जळून गेले. भर समुद्रात वाऱ्याचा अंदाज घेऊन लढण्यासाठी घडवलेली ती जहाजे समुद्रावर हरली नाहीत. ती बांधून ठेवलेल्या जागी जळली.

त्याच रात्री क्लाइव्हने आपले सैन्य किनाऱ्यावर उतरवले. किल्ला आणि पेशव्यांची फौज यांच्यामध्ये. दोस्तांना आत येऊ द्यायचे नाही, यासाठी. दुसऱ्या दिवशी किल्ल्याने शरणागती दिली. आत सुमारे दोनशे तोफा मिळाल्या, आणि रोकड व माल मिळून दहा लाख रुपयांच्या आसपास. ठरलेल्या हिश्शांनी वाटणी झाली. वॉटसनच्या जहाजावरचा वैद्य एडवर्ड आइव्ह्ज याने लिहिले आहे की अॅडमिरल किल्ल्यात तुळाजीच्या आईला, बायकांना, मुलांना भेटला तेव्हा त्यांची दशा पाहून त्याच्या डोळ्यांत पाणी आले. मला ते खोटे वाटत नाही. वॉटसन हा त्या मानाने सरळ माणूस होता. आणि आपला हिस्सा त्याने घेतला.

तुळाजी पेशव्यांच्या कैदेतच वारला. किल्ला करारानुसार पेशव्यांना द्यायचा होता; तो मिळायला ऑक्टोबर उजाडला, बदल्यात बाणकोट आणि आसपासची गावे इंग्रजांकडे राहिली. आरमार मात्र परत मिळण्यासारखे नव्हते. नानासाहेबांनी एक बंडखोर सरदार मोडला, आणि मुंबईच्या इंग्रजांना त्रास देऊ शकणारी किनाऱ्यावरची सर्वांत मोठी ताकद त्याच्याबरोबर गेली. हा सौदा पेशव्यांना किती महाग पडला याचा हिशोब त्या वेळी पुण्यात कोणी मांडला असेल असे वाटत नाही. समोरच्यांकडे मात्र हिशोब मांडायची पद्धतच होती.

विजयदुर्गाहून वॉटसन आणि क्लाइव्ह मद्रासकडे गेले आणि वर्षाअखेरीस बंगालमध्ये पोचले. तीच दोन माणसे, तोच अधिकाराचा तंटा. जून १७५७मध्ये प्लासी झाली. मीर जाफरने नवाबी मिळण्याआधी जे देणे कबूल केले होते त्यात आरमार आणि लष्कर यांच्यासाठी मिळून ५० लाख रुपये होते. विजयदुर्गाच्या पाचपट. वॉटसन त्याच ऑगस्टमध्ये कलकत्त्यात तापाने मेला.

विल्यम जेम्स मात्र भाग्यवान. गरीब घरातून आलेला हा कप्तान १७५९ साली धनाढ्य होऊन मायदेशी परतला, कंपनीचा डायरेक्टर झाला, पार्लमेंटचा सभासद झाला, बॅरोनेट ही पदवी मिळाली. १७८३ साली तो वारल्यावर त्याच्या विधवा पत्नीने लंडनच्या आग्नेयेला शूटर्स हिल या टेकडीवर तीन कोनांचा एक मनोरा बांधला. तो आजही उभा आहे, वरून सारे लंडन दिसते. त्याचे नाव ‘सेव्हर्नड्रूग कॅसल’, म्हणजे सुवर्णदुर्ग. मनोऱ्यावरच्या शिलालेखात २ एप्रिल १७५५ ही तारीख आहे, आणि जिंकलेला किल्ला मलबार किनाऱ्यावर असल्याचे कोरले आहे.